‘हा गेम तुमच्या देशात उपलब्ध नाही’: आधी कारण शोधा, मग उपाय

गेमचं नाव स्टोअरमध्ये शोधावं तर तो यादीतच येत नाही. कुणी पाठवलेली लिंक उघडावी तर ‘तुमच्या देशात उपलब्ध नाही’ एवढं एक वाक्य समोर येतं. नव्याने खेळू लागलेल्यांना इथे दोनच वाटा दिसतात: नाद सोडायचा, नाहीतर कुठून तरी एपीके, म्हणजे अँड्रॉइडवर गेम टाकण्याची फाइल, मिळवून फोनमध्ये टाकायची. दुसऱ्या वाटेने जाणाऱ्यांचं खातं जातं, पैसे जातात, कधी फोनमधली माहितीही जाते. आणि बऱ्याचदा हे सगळं अशा गेमपायी होतं, जो थोड्या महिन्यांनी स्टोअरवर रीतसर येणारच होता.

त्या एका वाक्यामागे अगदी वेगवेगळी कारणं दडलेली असतात. कधी सरकारने बंदी घातलेली असते, कधी कंपनीने गेम अजून चाचणीसाठी मोजक्या देशांतच सोडलेला असतो, कधी भानगड फक्त तुमच्या खात्याच्या सेटिंगची असते. यातलं नेमकं कोणतं, हे कळल्याशिवाय काहीही करू नका. एकदा ते कळलं की पुढचा मार्ग जवळजवळ आपोआप ठरतो.

पहिली पायरी: अडथळा खरंच देशाचा आहे का?

संदेश नीट वाचा. ‘तुमच्या डिव्हाइसशी सुसंगत नाही’ असं लिहिलं असेल तर देशाचा काही संबंध नाही. फोनची अँड्रॉइड आवृत्ती जुनी असेल किंवा रॅम कमी पडत असेल. याच्या उलटही होतं: फोन नवा आणि गेम जुना. २०१७ मध्ये आयओएस ११ आलं आणि ३२ बिट या जुन्या तंत्रावर चालणारे असंख्य गेम आयफोनवर उघडेनासे झाले. गूगल प्लेसुद्धा वर्षानुवर्षं अपडेट न झालेले गेम नवीन अँड्रॉइड असलेल्यांना दाखवत नाही. मित्राच्या जुन्या फोनवर दिसणारा गेम तुमच्या नव्या फोनवर न दिसण्याचं कारण अनेकदा एवढंच असतं.

मुलाच्या फोनवर शोधत असाल तर पालक नियंत्रण तपासा. गूगलच्या फॅमिली लिंकमध्ये किंवा ॲपलच्या स्क्रीन टाइममध्ये वयाची मर्यादा लावली असेल तर त्यापुढचे गेम अडवले जातात आणि मुलाला वाटतं, गेम इथे मिळतच नाही.

गेम मुळात चालू आहे का, हेही बघा. ॲपेक्स लेजेंड्स मोबाइल मे २०२२ मध्ये आला आणि १ मे २०२३ रोजी जगभर बंद झाला. त्याचे व्हिडिओ मात्र अजूनही फिरतात आणि ते पाहून नवे खेळाडू त्याचा शोध घेत राहतात. अशा गेमच्या नावाने कुणी ‘चालणारी फाइल’ देऊ करत असेल तर ती उघडूसुद्धा नका. सर्व्हरच बंद झालेला ऑनलाइन गेम कोणत्याही फाइलने चालू होत नाही.

दुसरी पायरी: इतर देशांच्या स्टोअरमध्ये डोकावून बघा

ही युक्ती फारशी कुणी सांगत नाही आणि तिला आयफोनही लागत नाही. कोणत्याही ब्राउझरमध्ये त्या गेमचं ॲप स्टोअरवरचं पान उघडा. पत्त्यात ‘ॲपल डॉट कॉम’ नंतरच्या तिरक्या रेघेपुढे देशाची दोन अक्षरं असतात: अमेरिकेसाठी यूएस, कॅनडासाठी सीए, जपानसाठी जेपी, बेल्जियमसाठी बीई, पत्त्यात अर्थातच इंग्रजी लिपीत. ती बदलून पान पुन्हा उघडा. पान उघडलं तर गेम त्या देशात आहे, सापडत नाही असं आलं तर नाही. चार-पाच देश तपासले की एक चित्र तयार होतं. अँड्रॉइडवरची उपलब्धता तंतोतंत अशीच असेल असं नाही, पण अंदाज यायला हे पुरतं. जोडीला कंपनीच्या अधिकृत संकेतस्थळावरची देशांची यादी आणि घोषणा वाचा.

आता ते चित्र वाचायचं. माझ्या मते सगळ्या शोधातली ही सर्वांत महत्त्वाची पायरी आहे, म्हणून इथे जरा थांबू.

तिसरी पायरी: कुठे आहे आणि कुठे नाही, यावरून कारण ओळखा

*गेम फक्त कॅनडा, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, फिलिपिन्स अशा दोन-चार देशांत दिसतोय.* हा सॉफ्ट लाँच आहे. गेम जगभर सोडण्याआधी कंपन्या तो मोजक्या देशांत चालवून बघतात: खेळाडू टिकतात का, पैसे खर्च करतात का, सर्व्हर कोलमडतात का. ब्रॉल स्टार्स जून २०१७ मध्ये कॅनडात दिसू लागला आणि जगभर आला तो १२ डिसेंबर २०१८ रोजी. मधल्या काळात फोन उभा धरून खेळायचा गेम आडवा धरून खेळायचा झाला. चाचणी ही अशी असते, वरवरची नसते. आणि प्रत्येक गेम त्यातून पार पडतोच असंही नाही. त्याच कंपनीचा रश वॉर्स २०१९ मध्ये मोजक्या देशांत आला आणि त्याच वर्षी गुंडाळला गेला. त्यामुळे चाचणीतल्या गेमसाठी दुसऱ्या देशाचं खातं काढून त्यात पैसे घालणं मला अजिबात पटत नाही. उपाय एकच: गूगल प्लेवर पूर्वनोंदणी किंवा ॲप स्टोअरवर प्री-ऑर्डर उघडली असेल तर ती करून ठेवा आणि वाट बघा.

*गेम फक्त एका देशात आहे, बहुधा जपानमध्ये.* इथे भाषा आणि हक्कांचा प्रश्न असतो. कार्टून पात्रं, खेळाडूंची नावं, क्लबांची बोधचिन्हं, गाणी यांचे परवाने देशागणिक वेगळे घ्यावे लागतात. शिवाय भाषांतर, तिथल्या वेळेनुसार ग्राहकसेवा, जवळचे सर्व्हर हा सगळा खर्च. फेट ग्रँड ऑर्डर जपानमध्ये २०१५ साली आला आणि इंग्रजीत २०१७ मध्ये, तोही आधी अमेरिका आणि कॅनडापुरता. उमा मुसुमेला तर आणखी वेळ लागला: जपानमध्ये फेब्रुवारी २०२१, इंग्रजी आवृत्ती जून २०२५.

*गेम जवळपास सगळीकडे आहे, पण बेल्जियममध्ये नाही.* हा पॅटर्न दिसला की लूट बॉक्सचा संशय घ्या. लूट बॉक्स म्हणजे पैसे मोजून उघडायची अशी पेटी, जिच्यात काय निघेल ते नशिबावर. एप्रिल २०१८ मध्ये बेल्जियमच्या जुगार नियंत्रण आयोगाने पैसे देऊन घ्यायचे असे बॉक्स जुगाराच्या व्याख्येत बसतात असा निष्कर्ष काढला. त्यानंतर निन्टेन्डोने ॲनिमल क्रॉसिंग: पॉकेट कॅम्प आणि फायर एम्ब्लेम हिरोज हे दोन्ही गेम ऑगस्ट २०१९ मध्ये बेल्जियममधून काढून घेतले. गेम तसाच ठेवून फक्त पेट्या काढणं शक्य होतं, पण त्या गेमची कमाईच त्या पेट्यांवर उभी होती. २०२२ मध्ये डायब्लो इमॉर्टल आला तेव्हा तो बेल्जियमबरोबर नेदरलँड्समध्येही सोडला नाही. गंमत बघा, नेदरलँड्सच्या सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयाने त्याच वर्षी मार्चमध्ये लूट बॉक्सच्या एका मोठ्या खटल्यात गेम कंपनीच्या बाजूने निकाल दिला होता. म्हणजे कायद्याची बंदी आणि कंपनीने घेतलेली खबरदारी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि खेळाडूला मात्र दोन्ही वेळा तेच एक वाक्य दिसतं.

पालकांनी हे कारण विशेष लक्षात घ्यावं. एखाद्या देशात गेम लूट बॉक्समुळे मिळत नसेल, तर तो जिथे मिळतो तिथेही त्याचे खरेदीचे पर्याय मुलाच्या हाती देण्याआधी तपासायला हवेत.

*गेम बाकी सगळीकडे आहे, पण चीनमध्ये नाही, किंवा तिथे वेगळ्याच नावाने आहे.* चीनमध्ये गूगल प्लेच नाही. अँड्रॉइडचे गेम तिथे फोन कंपन्यांच्या आणि इतर स्थानिक स्टोअरमधून मिळतात. गेमला सरकारी प्रकाशन विभागाचा परवाना क्रमांक लागतो आणि परदेशी कंपनीला स्थानिक भागीदार शोधावा लागतो. २०१८ मध्ये अनेक महिने आणि पुन्हा जुलै २०२१ पासून एप्रिल २०२२ पर्यंत नवे परवाने देणंच थांबलं होतं. पबजी मोबाइलची चिनी आवृत्ती कमाईच्या परवान्याअभावी चाचणीच्याच अवस्थेत राहिली आणि मे २०१९ मध्ये तिच्या जागी ‘गेम फॉर पीस’ आला. त्यात हरलेला खेळाडू मरून पडत नाही, आपली पेटी ठेवतो आणि हात हलवून निरोप घेतो. एकच गेम दोन देशांत किती वेगळा होऊ शकतो, त्याचा याहून चांगला नमुना मला माहीत नाही.

*गेम शेजारच्या देशांत आहे, फक्त तुमच्या देशात नाही.* मग सरकारी आदेश असण्याची शक्यता मोठी. भारताने २ सप्टेंबर २०२० रोजी माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६९अ खाली ११८ ॲपवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाइल होता. तुर्कस्तानने ऑगस्ट २०२४ मध्ये रोब्लॉक्स बंद केला, मुलांच्या सुरक्षिततेचं कारण देऊन. बंदी नेहमी कायमची नसते. नेपाळने एप्रिल २०१९ मध्ये पबजी बंद केला आणि त्याच महिन्यात तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने बंदीला स्थगिती दिली. पाकिस्तानात जुलै २०२० मधली बंदी महिन्याभरात उठली. म्हणून बातमीची तारीख बघितल्याशिवाय तिच्यावर विसंबू नका. बंदीच्या जुन्या बातम्या वर्षानुवर्षं शोधात वर येत राहतात.

पैसे लावून खेळायच्या गेमचं गणित निराळं आहे. रमी, पोकर, फँटसी लीग यांना लागू होणारे कायदे देशोदेशी, काही ठिकाणी राज्योराज्यी वेगळे असतात. भारतात ऑगस्ट २०२५ मध्ये संमत झालेल्या कायद्याने पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन गेमवर देशभर बंदी आणली. दक्षिण कोरियात खेळून मिळालेल्या डिजिटल वस्तू रोखीत बदलू देणाऱ्या गेमना तिथली मानांकन समिती (कोणता गेम कोणत्या वयासाठी हे ठरवणारी) मानांकनच देत नाही आणि मानांकनाविना गेम प्रकाशित करता येत नाही.

*गेम अँड्रॉइडवर आहे, आयफोनवर नाही, किंवा एका खंडात आयफोनवर आहे आणि दुसऱ्यात नाही.* इथे भांडण स्टोअर आणि कंपनीचं असतं. फोर्टनाइटने १३ ऑगस्ट २०२० रोजी स्वतःची पैसे भरण्याची सोय आत घातली आणि ॲपल व गूगल दोघांनीही तो त्याच दिवशी काढून टाकला. युरोपीय संघात नवा डिजिटल बाजार कायदा आल्यावर तो ऑगस्ट २०२४ मध्ये तिथल्या आयफोनवर पर्यायी स्टोअरमधून परतला, अमेरिकेच्या ॲप स्टोअरवर मे २०२५ मध्ये.

*डाउनलोड होतो, पण पैसे भरता येत नाहीत.* आर्थिक निर्बंध हे त्याचं नेहमीचं कारण. मार्च २०२२ मध्ये गूगलने रशियात प्ले स्टोअरवरची खरेदी थांबवली. मोफत गेम मिळत राहिले, विकतचं सगळं अडलं.

कधी कारण गेमच्या पोटातच असतं. पोकेमॉन गो जुलै २०१६ मध्ये काही देशांत आला, तेव्हा दक्षिण कोरिया यादीत नव्हता. तिथे तपशीलवार नकाशे देशाबाहेर न्यायला सरकारी परवानगी लागते आणि हा गेम तर नकाशावरच चालतो. पण कंपनीने पृथ्वीचे चौकटींमध्ये भाग पाडले होते आणि ईशान्य किनाऱ्यावरचं सोकचो शहर अडवलेल्या चौकटींच्या बाहेर राहिलं. लोकांना पत्ता लागला आणि सोलहून सोकचोला जाणाऱ्या बसची तिकिटं संपली! गेम रीतसर आला तो जानेवारी २०१७ मध्ये.

चौथी पायरी: दार कुठे बंद आहे ते बघा

स्टोअर आणि सर्व्हर ही दोन वेगळी दारं आहेत. स्टोअरमधून गेम काढला की नवीन डाउनलोड थांबतं, ज्यांच्या फोनमध्ये तो आधीच आहे त्यांचा चालू राहू शकतो. सर्व्हरने देश अडवला की फोनमध्ये गेम असूनही उपयोग नाही.

पबजी मोबाइलच्या बाबतीत भारतात हे दोन टप्प्यांत घडलं. सप्टेंबर २०२० मध्ये तो स्टोअरमधून गेला, पण ज्यांच्याकडे होता ते खेळत राहिले. ३० ऑक्टोबरला कंपनीने भारतातली सेवा थांबवली, तेव्हा खेळ खऱ्या अर्थाने संपला. पुढे त्याची भारतीय आवृत्ती बीजीएमआय २ जुलै २०२१ रोजी आली, जुलै २०२२ च्या अखेरीस स्टोअरवरून नाहीशी झाली आणि मे २०२३ मध्ये परतली. मधल्या काळात ज्यांनी फोनमधून काढून टाकला नव्हता त्यांना तो खेळता येत होता. तेव्हा फोनमधला गेम स्टोअरवरून गेल्याची बातमी आली, तर जागा मोकळी करण्यासाठी किंवा ‘पुन्हा टाकून बघू’ म्हणून तो काढू नका. परत मिळेलच असं नाही.

पाचवी पायरी: रीतसर मार्ग

सर्वांत आधी प्रादेशिक आवृत्ती शोधा. पबजीच्या जागतिक, कोरिया-जपान, व्हिएतनाम, तैवान आणि भारत अशा आवृत्त्या निघाल्या. कॉल ऑफ ड्यूटी मोबाइल आग्नेय आशियातल्या काही देशांत दुसऱ्या प्रकाशकाकडून येतो. मात्र प्रादेशिक आवृत्त्यांची खाती सहसा एकमेकांत चालत नाहीत. एका आवृत्तीत जमवलेली पात्रं, कपडे, चलन दुसरीत येत नाहीत आणि परदेशातल्या मित्राबरोबर एका संघात खेळताही येईलच असं नाही. पैसे घालण्याआधी हे विचारून घ्या.

तुम्ही खरोखरच दुसऱ्या देशात राहायला गेला असाल तर स्टोअरचा देश बदलणं योग्यच आहे, पण घाई नको. गूगल प्लेमध्ये देश बदलला की वर्षभर पुन्हा बदलता येत नाही. जुन्या देशातली शिल्लक नव्या देशात वापरता येत नाही, आणि नव्या देशातलं कार्ड किंवा पैसे भरण्याचं दुसरं साधन द्यावं लागतं. हा पर्याय दिसतो प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये, खाते आणि डिव्हाइसच्या भागात, आणि तोही तुम्ही नव्या देशात पोहोचल्यावरच. ॲपलकडे आधी खात्यातली शिल्लक संपवावी लागते, चालू सदस्यत्वं रद्द करून त्यांची मुदत संपेपर्यंत थांबावं लागतं. फॅमिली शेअरिंगमध्ये, म्हणजे कुटुंबाच्या सामायिक गटात, असाल तर तिथेही अडू शकतं. चार-सहा महिन्यांसाठीच जात असाल तर देश बदलूच नका. फोनमधले गेम जुन्या खात्यावर चालू राहतात.

निघण्याआधी प्रत्येक गेमचं खातं ईमेल किंवा अधिकृत लॉगिनशी जोडून घ्या. ‘गेस्ट’ म्हणून खेळत राहिलेल्यांची प्रगती फोन बदलताच जाते, आणि देश बदलताना फोन बदलणं ओघाने येतंच.

काय करू नये

अनोळखी जागेवरची एपीके घेऊ नका. बंदी आलेल्या प्रसिद्ध गेमच्या नावाने खोट्या फाइली लगेच पसरतात, कारण शोधणारे अधीर असतात आणि फाइल तपासणारं स्टोअर वाटेत नसतं. गेमच्या नावाने आलेली फाइल संदेश वाचण्याची किंवा ॲक्सेसिबिलिटीची (स्क्रीनवरचं सगळं वाचू देणारी) परवानगी मागत असेल तर ती तिथेच रद्द करा. गेमला तुमचे ओटीपी वाचायचं काही कारण नाही.

व्हीपीएन (इंटरनेटवर आपण दुसऱ्याच देशात आहोत असं भासवणारी सेवा) लावला की स्टोअर बदलतं, हा गैरसमज फार पसरला आहे. ॲप स्टोअरचा देश तुमच्या खात्याशी बांधलेला असतो, प्लेचा देश पैसे भरण्याच्या प्रोफाइलशी. नुसता आयपी, म्हणजे इंटरनेटवरचा आपला पत्ता, बदलून काम होत नाही. सर्व्हर अडवत असेल तर व्हीपीएनने कधी आत जाता येतं, पण बऱ्याच गेमच्या अटींमध्ये त्याला मनाई असते आणि पकडलं गेल्यास खातं बंद होतं. काही देशांत व्हीपीएनच्या वापरावरच निर्बंध आहेत, आणि सरकारी बंदी चुकवणं हा वेगळा कायदेशीर प्रश्न आहे. मोफत व्हीपीएनवाल्यांच्या हातात आपली सगळी वाहतूक देणं तर त्याहून वाईट.

तयार ‘परदेशी खातं’ विकत घेण्याच्या फंदात तर पडूच नका. विकणाऱ्याकडे मूळ ईमेल आणि पासवर्ड परत मिळवण्याची सोय राहते. तुम्ही त्यात पैसे आणि वेळ घातलात की तो खातं परत ओढून घेतो, आणि तक्रार करायला जागा उरत नाही, कारण खात्यांची खरेदी-विक्रीच बहुतेक कंपन्यांच्या अटींविरुद्ध असते.

गेम जाणार असल्याची सूचना आली तर

कंपनी आपणहून देश सोडत असेल तर सहसा आधी सूचना देते. त्या सूचनेत दोन तारखा शोधा: खरेदी बंद होण्याची आणि सेवा बंद होण्याची. पहिली आधी येते. सूचना दिसताच मासिक पास आणि आपोआप नूतनीकरण होणारी सदस्यत्वं स्वतः रद्द करा. गेम फोनमधून काढल्याने सदस्यत्व रद्द होत नाही, पैसे कापले जातच राहतात. नुकतीच खरेदी केली असेल तर परताव्याची मागणी आधी स्टोअरकडे करा, मग कंपनीच्या ग्राहकसेवेकडे, आणि पावतीवरचा ऑर्डर क्रमांक जवळ ठेवा. गेमच्या आतून मदतीचा अर्ज भरायची सोय असेल तर तो सर्व्हर चालू असतानाच भरा, कारण सर्व्हर बंद झाल्यावर त्या पानापर्यंत पोहोचताच येत नाही.